हळदीचे बेणे आणि थंड देशातली कर्दळ

कर्दळ मुद्दाम लावायची असते, हे आमच्या भागात कुणाच्या मनातही येत नाही. न्हाणीचे पाणी जिथून परसात उतरते, हापशीच्या ओट्याखाली जिथे बारमाही चिखल असतो, शाळेच्या आवारात मुलांच्या हात धुण्याचे पाणी जिथे मुरते, तिथे ती कुणीतरी कधीतरी खोचलेली असते आणि मग पिढ्यानपिढ्या तिथेच राहते. त्यामुळे या झाडाला हिवाळ्यात जपावे लागते, त्यासाठी त्याचे गड्डे खणून पेटीत ठेवावे लागतात आणि महिन्या-महिन्याला उघडून पाहावे लागतात, असे सांगितले तर वर्धा जिल्ह्यातल्या माझ्या शेजारणींना नवल वाटते. थंड देशांत मात्र कर्दळ अशीच जपावी लागते, नाहीतर ती पुढच्या वर्षी दिसतच नाही.

माझी भाची नोकरीनिमित्त इंग्लंडमध्ये लीड्सजवळ राहते. तिने तिथल्या रोपवाटिकेतून कर्दळ आणून काही कुंड्यांत आणि काही वाफ्यात लावली होती. ऑक्टोबर संपता संपता तिचा फोन आला: "आत्या, एका रात्रीत सगळी पाने काळी पडली. आता हे मेलेच का?" तिला त्या दिवशी जे सांगितले आणि नंतर विचार करून, वाचून जे अधिक सांगावेसे वाटले, ते येथे सविस्तर लिहीत आहे. आमच्या घरी हळदीचे बेणे ठेवण्याची रीत जुनी आहे, आणि जमिनीखालचा गड्डा एका हंगामातून दुसऱ्या हंगामात जिवंत न्यायचा, हे काम हळदीला आणि कर्दळीला सारखेच लागू पडते. पण एका बाबतीत हळदीची रीत कर्दळीला जशीच्या तशी लावली तर कर्दळ हातची जाते. ती बाब नीट समजली, की बाकीचे सगळे सोपे आहे.

हळद, आले, केळी आणि कर्दळ या एकाच मोठ्या गणातल्या वनस्पती आहेत. इंग्रजीत कर्दळीला 'कॅना लिली' म्हणत असले, तरी लिलीशी तिचे जवळचे नाते नाही. तिचे मूळ घर अमेरिका खंडातला उष्ण आणि समशीतोष्ण प्रदेश. तिथल्या अँडीज पर्वताच्या भागात तिचे गड्डे फार जुन्या काळापासून खाण्यासाठी पिकवले जातात आणि त्यांना अचिरा म्हणतात. व्हिएतनाममध्ये याच गड्ड्यांच्या पिठापासून शेवया करतात. गड्डा मधोमध चिरून पाहिला तर याचे कारण लगेच कळते. वरची कागदासारखी, कड्याकड्यांची तपकिरी खवली निघाली, की आत पांढरा, किंचित चिकट, तंतुमय गर लागतो आणि सुरीच्या पात्यावर पिठाचा पातळ थर बसतो. कर्दळीच्या पिठाचे कण वनस्पतींमध्ये आढळणाऱ्या सर्वांत मोठ्या कणांपैकी आहेत. खवल्यांच्या कडांशी टोकदार डोळे असतात. हिरव्या पानांच्या जातीत ते पांढुरके आणि जांभळ्या पानांच्या जातीत गडद गुलाबी दिसतात. पुढच्या वर्षीचे झाड म्हणजे हे डोळे आणि त्यांच्या मागे साठवलेले हे पीठ. आपल्याला जपायचे आहे ते एवढेच. पाने आणि दांडे गेले म्हणून हळहळण्याचे कारण नाही.

आता हळद आणि कर्दळ यांच्यातल्या फरकाकडे वळते. समुद्रपूर तालुक्यातल्या वायगावची हळद प्रसिद्ध आहे आणि २०१६ मध्ये तिला भौगोलिक मानांकनही मिळाले. या भागातल्या कुठल्याही हळद लावणाऱ्या घरात विचारले तरी सांगतील, की हळद आपली वेळ आपण ओळखते. पाणी दिले तरी आणि नाही दिले तरी, दिवस भरले की तिची पाने पिवळी पडतात, वाळतात आणि जमिनीला टेकतात. त्यानंतर खणलेला जेठा गड्डा पक्का झालेला असतो, त्याची साल आवळलेली असते आणि तो खरोखरच विश्रांतीत गेलेला असतो. म्हणून गर्द सावलीत किंवा पडवीत, पाणी साचणार नाही अशा उंचवट्यावर त्याचा ढीग रचला, हळदीच्याच वाळलेल्या पाल्याने तो झाकला आणि हवा खेळती ठेवली, की तो आपला भर उन्हाळा कोरडाच काढतो आणि मृगाच्या सुमारास डोळे फोडतो.

कर्दळ असे करत नाही. ऊब आणि ओल मिळत राहिली तर ती बारा महिने नवे कोंब काढत राहते. आमच्या हापशीजवळची कर्दळ पौषातही फुललेली असते. तिच्या गड्ड्याला ठरलेली अशी झोप नाही. थंड देशात पाने काळी पडल्यावर आपण जो गड्डा खणून काढतो, तो पिकून, साल घट्ट करून झोपलेला नसतो. थंडीने त्याचे काम मध्येच थांबवलेले असते. त्याची साल पातळ असते, अंगात पाणी भरपूर असते, आणि हळदीच्या ढिगासारखा तो कोरड्या, उघड्या हवेत ठेवला तर काही आठवड्यांतच सुरकुततो, हलका होतो आणि त्याचे डोळे वाळून जातात. ग्लॅडिओलसचे कंद जाळीच्या पिशवीत टांगून ठेवण्याची पद्धतही याच कारणाने कर्दळीला चालत नाही. कर्दळीचा गड्डा थंड, अंधाऱ्या जागी आणि किंचित ओलसर भुशात पुरून ठेवायचा असतो. 'किंचित' या शब्दावर मी मुद्दाम भर देते आहे, कारण ओल जास्त झाली तर त्याच पातळ सालीतून बुरशी आत शिरते आणि गड्डा नासतो.

हे काम केव्हा सुरू करावे, याबद्दल तिकडच्या नव्या बागकरांची नेहमी घाई होते. थंडीची चाहूल लागली म्हणून हिरवीगार झाडे सप्टेंबरातच उपटू नयेत. पाने हिरवी असेपर्यंत ती गड्ड्यात पीठ भरत असतात, आणि हिवाळाभर तो गड्डा त्याच पिठावर जगणार असतो. पहिले हिम (बर्फवृष्टी नव्हे, तर रात्री दव गोठवणारी थंडी) पडून पाने काळी पडली, की तेवढी खूण पुरे. पेशींमधले पाणी गोठते, बर्फाच्या कणांनी पेशी फाटतात आणि ऊन पडताच पाने उकडल्यासारखी लोंबतात. पण मातीखालचा गड्डा त्या वेळी अजून सुरक्षित असतो, कारण जमीन हवेपेक्षा बरीच सावकाश थंड होते. मात्र जमीनच गोठू लागली तर गड्ड्यातल्या पेशींचेही तसेच होते आणि तो मऊ पडून जातो. पाने काळी पडणे आणि जमीन गोठणे या दोहोंच्या मधल्या काळात खणणी उरकावी. लीड्सच्या हवेत त्यासाठी साधारण एक-दोन आठवडे सहज मिळतात; कॅनडातल्या आतल्या प्रांतांत तेवढी उसंत मिळत नाही आणि तिथे पहिल्या हिमानंतर लगेच कामाला लागावे.

दांडे जमिनीपासून वीतभर ठेवून कापावेत. काट्यांचे फावडे झाडापासून हात-दीड हात अंतरावर रोवून, चारी बाजूंनी माती सैल करून सगळा गुंता एकदम उचलावा. आमच्याकडे सब्बल घालून ओढण्याची सवय आहे. कर्दळीला ते करू नये, कारण गड्डे ठिसूळ असतात आणि मोडले की प्रत्येक मोडीतून कूज शिरते. धुऊन लख्ख करण्याची आणि याच वेळी तुकडे पाडण्याची हौसही आवरावी. मोठा गुंता, त्याची मुळे आणि त्यांना चिकटलेली थोडी माती यांमुळे ओल टिकून राहते. लहान तुकडे मात्र सर्वांत आधी वाळतात. पाणी निथळण्यापुरते दोन-चार दिवस छपराखाली, हिम लागणार नाही अशा जागी ठेवले की पुरे.

पुढे एखादी खोल पेटी किंवा क्रेट घेऊन तळाशी नारळाच्या काथ्याचा भुसा, म्हणजे आपले कोकोपीट, किंवा जुनी पानमाती पसरावी, त्यावर गुंता ठेवावा आणि फक्त दांड्यांची टोके उघडी राहतील इतका भुसा वरून घालावा. भुशाची ओल हाताने पारखावी. मूठ घट्ट आवळली असता गोळा झाला, पण बोटांतून थेंब आला नाही, तर ओल बरोबर आहे. जागा अंधारी, हवेशीर आणि पाच ते दहा अंश सेल्सिअस तापमानाची असावी. गाडी ठेवण्याची खोली किंवा जिन्याखालची न तापवलेली कोठी चालते. घर तापवण्याच्या यंत्राजवळ ठेवलेला गड्डा अवेळी कोंब काढतो आणि तो कोंब उजेडाअभावी पांढरा, लांबुडका होऊन मरतो. महिन्यातून एकदा हात घालून पाहावे. सुरकुतलेला दिसला तर पाण्याचा हलका फवारा द्यावा. मऊ आणि वास येणारा भाग असेल तर निरोगी गर लागेपर्यंत तो कापून टाकावा आणि काप सुकल्यावर गंधकाची भुकटी लावावी.

ज्यांच्याकडे चार-दोन कुंड्याच आहेत त्यांनी एवढाही व्याप करू नये, असे माझे मत आहे. दांडे कापून कुंडी जशीच्या तशी आत आणावी, महिन्यातून एखाद्या वेळी पेलाभर पाणी द्यावे आणि मार्चपर्यंत तिला विसरून जावे. कुंडीतली माती हीच गड्ड्याची सर्वांत चांगली पेटी असते, कारण मुळे हललेली नसतात आणि ओल हळूहळू उतरते. भाचीला मी कुंड्यांसाठी हेच सांगितले आणि वाफ्यातले गड्डे तेवढे खणायला लावले.

वाफ्यातच ठेवून वरून जाड आच्छादन घालण्याची रीतही आहे. इंग्लंडच्या नैर्ऋत्य किनाऱ्यालगत, जिथे हिवाळा सौम्य असतो, तिथे पाचोळ्याचा किंवा पेंढ्याचा वीतभर थर पुरेसा ठरतो. पण अशा ठिकाणी गड्डे दगावतात ते अनेकदा नुसत्या थंडीने नव्हे, तर थंडी आणि साचलेले पाणी एकत्र आल्याने. वाढत्या कर्दळीला पाणी कितीही चालते. सांडपाणी शुद्ध करण्यासाठी तयार केलेल्या पाणथळ वाफ्यांत जगभर ती मुद्दाम लावली जाते, आणि आपल्याकडे गावोगावी परसबागेत सांडपाणी जिरवण्यासाठी कर्दळ आणि केळी सांगितली जाते ती याचसाठी. परंतु पाने गेलेला, थांबलेला गड्डा तेवढे पाणी ओढू शकत नाही, आणि चिकण जमिनीत थंड पाण्यात पडून राहिला तर कुजतो. आपल्या काळ्या भारी जमिनीसारखी चोपण, चिकट माती जिथे असेल, तिथे आच्छादनावर भरवसा न ठेवता गड्डे उचलावेत.

आमच्याकडे थंडी पडत नाही असे नाही. २९ डिसेंबर २०१८ रोजी नागपूरचे किमान तापमान ३.५ अंशांपर्यंत उतरले होते, आणि तशा लाटेत कर्दळीच्या पानांच्या कडा तपकिरी होतात, नवे पान गुंडाळलेलेच राहते, फुले आखडतात. पण दुपारी ऊन चढते, माती उबदार राहते आणि गड्ड्यापर्यंत थंडी पोहोचत नाही, म्हणून काही न करताही ती निभावते. मेळघाटात सुमारे १,१०० मीटर उंचीवर असलेल्या चिखलदऱ्यात, जिथे कॉफीही पिकते, तिथल्या हिवाळ्यातही बुंध्याशी पाचोळा लोटला तर गड्डा जमिनीत राहू शकतो. विदर्भातल्या कर्दळीची खरी परीक्षा वैशाखात असते. विहिरी तळाला गेल्या, नळाला आड दिवसाने पाणी आले, की न्हाणीचे पाणीही कमी होते आणि नवतप्यात पाने भाजून कागदासारखी होतात. तेव्हा मी दांडे बुडापासून कापते आणि गड्ड्यांवर सोयाबीनच्या कुटाराचा जाड थर देऊन भांडी धुतल्याचे पाणी आठवड्यातून दोनदा तिथे सोडते. तिकडे थंडी तिला थांबवते, इकडे पाण्याची टंचाई थांबवते, आणि दोन्हीकडे करायचे ते एकच: पानांचा भार काढून टाकायचा आणि गड्ड्याभोवतीची ओल अगदी थोडी, पण सतत राखायची.

आता पुन्हा तिकडच्या मार्च महिन्याकडे येते. तुकडे पाडण्याची हीच योग्य वेळ, कारण डोळे फुगलेले स्पष्ट दिसतात. स्वच्छ, धारदार सुरीने प्रत्येक तुकड्याला दोन-तीन डोळे येतील असे कापावे, काप एक दिवस सुकू द्यावा आणि चार बोटे खोल, डोळे वर करून कुंडीत लावावे. घरात सोळा ते वीस अंशांच्या उबेत, उजेडाच्या खिडकीशी कुंडी ठेवावी. कोंब दिसेपर्यंत पाणी बेतानेच द्यावे. हिवाळाभर जपलेला गड्डा या तीन-चार आठवड्यांत जास्त पाण्याने कुजतो, हे फार वेळा घडते. घरातच लवकर सुरुवात करण्याला तिकडे पर्याय नाही, कारण उन्हाळा थंड आणि आखूड असतो आणि मे महिन्यात थेट जमिनीत पुरलेला गड्डा कळी धरेपर्यंत पुन्हा हिम पडण्याची वेळ येते. घरात वाढवलेली झाडे मेअखेर दिवसा बाहेर आणि रात्री आत, अशी हळूहळू सरावाला लावून, हिमाचे भय पूर्ण गेल्यावर जूनच्या पहिल्या पंधरवड्यात वाफ्यात न्यावीत. म्हणजे आमच्याकडे मृगाच्या पावसावर हळद लावतात, त्याच दिवसांत.

जागा दिवसभर उन्हाची निवडावी. तिकडचे ऊन आपल्यासारखे भाजत नाही, म्हणून मिळेल तेवढे घ्यावे. दोन झाडांत हात-दीड हात अंतर राखावे, कुजलेले शेणखत सढळ हाताने घालावे आणि वाढीच्या दिवसांत पाणी तोडू नये. थंड उन्हाळ्यात फुले उशिरा, बहुधा ऑगस्टमध्ये येतात, तेव्हा बुटक्या आणि लवकर फुलणाऱ्या जाती घ्याव्यात, किंवा पानांसाठीच जपाव्यात अशा पिवळ्या पट्ट्यांच्या अथवा जांभळ्या पानांच्या. फुलांचा एक तुरा संपला, की खालच्या डोळ्यातून दुसरा निघतो का ते पाहावे आणि दांड्यावरची सगळी फुले सरली, की दांडा बुडापासून काढावा, म्हणजे जोर नव्या कोंबांकडे जातो. काटेरी हिरवी बोंडे धरू लागली तर तीही खुडावीत.

बी हवे असेल तर मात्र काही बोंडे राखावीत, कारण हिवाळा ओलांडण्याची सर्वांत निर्धोक वाट तीच आहे. कर्दळीचे काळे, गोल, छर्र्यासारखे बी इतके टणक असते, की अर्जेंटिनात सापडलेल्या, सुमारे सहाशे वर्षे जुन्या ठरलेल्या एका बीला कोंब फुटल्याची नोंद विज्ञानात आहे. अक्रोडाच्या कवचाच्या खुळखुळ्यात ते कोरडे राहिले होते. कागदाच्या पुडीत घालून कपाटात ठेवले की झाले. पेरण्यापूर्वी कानशीने एका बाजूची काळी साल पांढरे दिसेपर्यंत घासावी आणि रात्रभर कोमट पाण्यात भिजवावे. न घासलेले बी मातीत तसेच पडून राहते. फक्त संकरित जातीच्या बीपासून आईसारखेच फूल येईल अशी अपेक्षा धरू नये. ती जात तशीच हवी असेल तर गड्डाच राखला पाहिजे.

गड्डा राखताना त्यातला रोगही राखला जातो, याकडे मी भाचीचे लक्ष वेधले आहे. कर्दळीत विषाणूजन्य रोग फार पसरलेले आहेत. पानांवर शिरांना समांतर फिकट पिवळ्या रेघा किंवा ठिपके दिसतात, पान चुरगळल्यासारखे होते, फुलांचा रंग तुटक येतो, आणि विषाणू गड्ड्यात असल्यामुळे एका गड्ड्याचे पाच तुकडे केले तर पाचही रोगी निघतात. यावर औषध नाही. म्हणून खणण्याच्या वेळी नव्हे, तर पाने हिरवी असताना, ऑगस्टमध्येच रोगी झाडांच्या बुंध्याला दोरी बांधून ठेवावी आणि ते गड्डे पेटीत न घालता, खताच्या खड्ड्यातही न टाकता नष्ट करावेत. सुरी एका गुंत्यावरून दुसऱ्यावर नेण्यापूर्वी पुसून निर्जंतुक करावी. इकडून जाताना आठवण म्हणून माहेरच्या परसातला गड्डा सामानात घालून नेण्याचा मोहही टाळावा. वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्राशिवाय तो ब्रिटनमध्ये नेता येत नाही, आणि दिसायला निरोगी गड्ड्यातही रोग असू शकतो. तिथल्याच खात्रीच्या रोपवाटिकेतून, शक्यतो पाने आलेले रोप डोळ्यांनी पाहून घ्यावे.